स्वप्नं काढून घेणारी शाळा



व्याख्यानाचा विषय ‘स्वप्न’ असा जाहीर झाला की निम्मी मंडळी फ्रॉइड ऐकायला येतात आणि उरलेली स्वप्नफळ विचारायला. दोघांचीही आज निराशा होणार आहे. मी बोलणार आहे ते माणसांच्या स्वप्नांची कापणी करणाऱ्या एका व्यवस्थेबद्दल. ती अजून कुठेही नाही. कॅनडाच्या लेखिका शेरी डिमलाइन यांनी 2017 साली ‘द मॅरो थीव्ज’ या कादंबरीत ती कल्पनेनं उभी केली. डिमलाइन स्वतः मेटी, म्हणजे तिथल्या एका मूलनिवासी समाजातल्या. हे लक्षात ठेवा, कारण सगळी गोष्ट त्यावरच उभी आहे.

काळ पुढचा आहे. हवामान कोलमडलंय, नद्या नासल्यात आणि लोकांना झोपेत स्वप्नं पडेनाशी झालीत. स्वप्नं आटली की माणूस भ्रमिष्ट होतो, जीव देतो. मूलनिवाशांना मात्र ती अजून पडतात. मग शोध लागतो की त्यांची स्वप्नं हाडांतल्या मज्जेत असतात आणि तिथून ती काढता येतात. ज्याची मज्जा काढतात, तो जगत नाही.

दुसरा एखादा विज्ञानकथाकार इथे यंत्राच्या वर्णनात रमला असता. चक्रं, नळ्या, निळा प्रकाश, सगळं आलं असतं. डिमलाइन यंत्राकडे फारशा फिरकतच नाहीत. सुरुवातीचा प्रसंग पाहा. दोन भाऊ झाडावरच्या खोपटात लपलेत. थोरल्यानं कुठून तरी चिप्सची पिशवी मिळवलीय, आणि पोरंच ती, आनंदाच्या भरात ती फट्कन फोडतात. तो आवाज खाली पोहोचतो. माणसं पकडणारे सरकारी लोक येतात. त्यांच्याकडे शिट्ट्या आहेत आणि गाडीवर सरकारी स्वप्नखात्याचं नाव आहे. धाकटा निसटावा म्हणून थोरला मुद्दाम त्यांच्या हाती लागतो. शिकारी दाखवायचे, तर त्यांच्या हाती शिट्टी द्यावी, हे सुचायला प्रतिभा लागते. शिट्टी ऐकली की पोरांनी रांगेत उभं राहायचं, हे आपणही शाळेतच शिकलो ना?

आणि मज्जा काढण्याच्या जागेला कादंबरीत नावही शाळेचंच आहे.

हे नाव उगाच आलेलं नाही. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धापासून विसाव्या शतकाच्या अखेरीपर्यंत कॅनडा सरकारच्या पैशावर आणि चर्चच्या देखरेखीखाली तिथे निवासी शाळा चालल्या. मूलनिवाशांची दीड लाखाहून अधिक मुलं त्यांत गेली, पुष्कळदा आईबापांपासून ओढून नेलेली. केस कापायचे, नाव बदलायचं, घरची भाषा तोंडातून निघाली की मार. तिथल्या सत्य आणि सलोखा आयोगानं 2015 साली या सगळ्याला सांस्कृतिक वंशसंहार म्हटलं. 1948 ते 1952 या काळात सहा निवासी शाळांमध्ये अर्धपोटी मुलांवर पोषणाचे प्रयोग झाले, आईबापांना न विचारता. मुलं कुपोषित आहेत हे संशोधकांना ठाऊक होतं, म्हणून तर प्रयोगासाठी ती सोयीची. तेव्हा मज्जा काढण्याची कल्पना मला अचाट वाटत नाही. इमारत तयार होती, कारकून तयार होते, पट भरलेला होता. लेखिकेनं फक्त कच्चा माल बदलला.

मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो तो कादंबरीतला पायऱ्यांचा हिशेब. आधी लोक मूलनिवाशांकडे मार्गदर्शन मागायला येतात, अगदी नम्रपणे. मग वैद्यकीय चाचण्यांसाठी स्वयंसेवक हवेत अशी जाहिरात निघते, मोबदल्यासह. तेवढ्यानं भागेना, तेव्हा तुरुंगातले कैदी. शेवटी शाळा. शिकार ही चौथी पायरी आहे. पहिल्या दोन पायऱ्यांवर कुणीच आरडाओरडा करत नाही.

प्रत्यक्षातलं यंत्र कुठवर आलंय, ते थोडक्यात सांगतो. जपानमध्ये युकियासु कामितानी यांच्या गटानं तीन माणसांना एमआरआय यंत्रात झोपवलं, डोळा लागताच उठवून काय दिसलं ते विचारलं, असं प्रत्येकाला दोनशे वेळा तरी. मग त्यांच्या मेंदूच्या नोंदींवरून स्वप्नात कोणत्या प्रकारची वस्तू होती, याचा अंदाज संगणकाला साधारण 60 टक्के वेळा बरोबर आला. हे 2013 साली. 2021 साली एका अमेरिकी बिअर कंपनीनं लोकांच्या स्वप्नात आपली जाहिरात शिरावी म्हणून झोपण्यापूर्वी पाहायची चित्रफीत आणि रात्री ऐकायचे आवाज तयार केले. तेव्हा सुमारे चाळीस संशोधकांनी जाहीर पत्र लिहून विरोध केला. म्हणजे काढणं अजून जमत नाही, पेरणी मात्र सुरू झाली.

आपण यापासून लांब आहोत, असं समजू नका. 2008 साली पुण्याच्या सत्र न्यायालयानं एका खून खटल्यात जन्मठेप सुनावताना मेंदूचा विद्युत आलेख पुराव्यात धरला. या चाचणीत आरोपीच्या डोक्यावर तारांची टोपी असते, डोळे मिटलेले असतात आणि ‘मी अमुक विकत घेतलं’, ‘मी तमुक दिलं’ अशी वाक्यं एकेक करून ऐकवली जातात. आरोपीनं बोलायचं नाही, उत्तर मेंदूनं द्यायचं. पुढं 2010 साली सेल्वी खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं नार्को, लाय डिटेक्टर आणि मेंदूच्या चाचण्या सक्तीनं करता येणार नाहीत, असा निकाल दिला. घटनेच्या कलम 20(3) आणि 21 चा आधार घेतला. मनाच्या आतल्या खोलीला कडी लावण्याचा अधिकार आरोपीलाही आहे, असं आपल्या न्यायालयानं मान्य केलं, याचा मला अभिमान वाटतो.

पण ती कडी आहे सक्तीविरुद्ध. राजीखुशीनं चाचणी देणाऱ्याला वाट मोकळीच आहे. आणि डिमलाइन यांची दुसरी पायरी राजीखुशीचीच होती. उद्या एखाद्या औद्योगिक वसाहतीच्या फाटकावर ‘रात्रीच्या झोपेचे पैसे मिळतील’ अशी पाटी लागली, तर रांगेत पुढं कोण असेल? तुम्ही-मी नक्कीच नसू. सही होईल, अंगठा उठेल, कागद कायदेशीर असेल.

मूत्रपिंडाच्या खरेदी-विक्रीला आपण 1994 च्या कायद्यानं बंदी घातली, विकणारा कितीही राजी असला तरी. दान करता येतं, विकता येत नाही. स्वप्नांनाही हाच नियम लावावा आणि तो यंत्र येण्याआधी लावावा, असं माझं मत आहे. समोर वकील मंडळी बसली आहेत, त्यांच्या चेहऱ्यावर आक्षेप दिसतायत. ते आता ऐकूया.