आतला चेंडू
(स्नेहमेळाव्यात केलेले भाषण)



मी आज एका कार्टूनबद्दल बोलणार आहे. हसा, हरकत नाही. आईनेही विचारलं होतं, "काऊन वं, या वयात कार्टून पाहून राहिली?"

माझा मुलगा 'एस ऑफ डायमंड' ही जपानी मालिका बघतो. युजी तेराजिमा यांच्या चित्रकथेवर ती २०१३ साली आली. जपानमध्ये शाळांची बेसबॉल स्पर्धा १९१५ पासून चालते आणि तिथल्या कोशिएन मैदानावर पोचणं हे पोरांचं स्वप्न असतं. नागानोच्या खेड्यातला सावामुरा एइजुन चेंडू फेकणारा, म्हणजे पिचर. तोंडाळ, हट्टी, पण चेंडू विचित्र वळणारा. टोकियोच्या मोठ्या शाळेत तो येतो, तेव्हा त्याला शिकवायला क्रिस नावाचा सीनियर मिळतो. खांद्याच्या दुखापतीने क्रिसचा स्वतःचा खेळ जवळपास संपलेला. सावामुरा आधी त्याला वाट्टेल ते बोलतो, मग खरं कळल्यावर ओशाळतो.

मला जे लागलं ते पुढचं. अंतिम सामना, शेवटची इनिंग, आणि सावामुराचा चेंडू फलंदाजाच्या डोक्याला लागतो. त्याला बाहेर काढतात, संघ हरतो. त्यानंतर त्याला फलंदाजाच्या अंगाजवळून जाणारा आतला चेंडू टाकताच येत नाही. हात धड, पण टाकवत नाही.

आपल्याकडे बेसबॉल कुठला, म्हणाल. पण अकोल्याचा आदित्य ठाकरे आठवा (राजकारणातले नव्हेत!). डिसेंबर २०१७, इंदूर, रणजीचा अंतिम सामना. तोच त्याचा पहिला सामना, वय एकोणीस. विदर्भाने तेव्हा पहिल्यांदा रणजी जिंकली. त्या पोराच्या पोटात पहिल्या चेंडूआधी काय झालं असेल, ते मला कळतं.

कारण नववीच्या स्नेहसंमेलनात मी भाषण विसरले होते. तुमच्यापैकी बरेच जण समोर होतात. मी पहिल्या वाक्यानंतर थांबले आणि रडत खाली पळाले. पुढे इंजिनिअरिंग झालं, नोकरी झाली, पण ऑफिसात प्रेझेंटेशन माझं आणि बोलणारं दुसरंच कुणी, हे वीस वर्षं चाललं. एक बढतीही त्यापायी हुकली.

सावामुराला कोचनी काय सांगितलं? आतला चेंडू जमत नाही ना, मग बाहेरचा, खालचा शिक. तो तेवढ्यावरच कितीतरी भाग घासतो. मुलगा कंटाळला, म्हणाला पुढे ढकल. मी रिमोट दिला नाही.

त्या स्नेहसंमेलनानंतर वर्गशिक्षिका बाईंनी मला रोज सकाळी फळ्यावर सुविचार लिहायला लावलं. बोलायचं नाही, फक्त लिहायचं. वर्षभर. मला ती शिक्षा वाटली होती. मैत्रिणींकडे मी बाईंना नावंही ठेवली. सोफ्यावर बसून ते कार्टून बघताना ध्यानात आलं, बाई मला बाहेरचा चेंडू शिकवत होत्या. मागच्या वर्षी पहिल्यांदा ऑफिसात स्वतः उभी राहिले. आवाज कापत होता, पण संपवलं.

बाई, तुम्ही पहिल्या रांगेत बसला आहात. ते भाषण सावित्रीबाई फुल्यांवर होतं. पहिलं वाक्य अजून पाठ आहे. दुसरं आजही आठवत नाही.