कानाने लिहावयाची अरबी



रोमन कळांनी मराठी लिहिणाऱ्यास ‘बोळिंज’ हे आपल्या गावाचे नाव थोडे अडवते. ‘एल’ दाबला की ‘ल’ उमटतो. ‘ळ’ हवा तर पुष्कळ मांडणींत शिफ्ट धरून ‘एल’ दाबावा लागतो. अरबीच्या बाबतीत ही अडचण कितीतरी वाढते. आज आम्हांस बोलावयाचे आहे ते तिच्याविषयी.

अरबी आपणांस अगदीच परकी नाही. शेजारच्या सोपाऱ्याला मध्ययुगीन अरब भूगोलकार ‘सुबारा’ म्हणत. कारण अरबी वर्णमालेत ‘प’ नाही. आज आखातात नोकरीस जाणाऱ्या तरुणावर तीच लिपी संगणकावर लिहिण्याची पाळी येते.

प्रचलित अरबी कळफलकावर रोमन ‘ए’च्या कळीवर ‘शीन’ आणि ‘एफ’वर ‘बा’ असतो. तेथे सारी भिस्त पाठांतरावर. उच्चारानुसारी मांडणीत मात्र ‘बी’वर ‘बा’, ‘एम’वर ‘मीम’, ‘एन’वर ‘नून’. अक्षराचे आरंभीचे, मधले की शेवटचे रूप घ्यावयाचे, हे संगणकच ठरवतो. नवशिक्याला याहून सोपे काय हवे?

परंतु येथेच कान फसवतो. ‘तारीख’ आणि ‘तबियत’ हे दोन्ही शब्द मुळात अरबी. आपण दोहोंत एकच ‘त’ उच्चारतो. अरबीत ते दोन वर्ण आहेत. ‘सवाल’मधला ‘स’ निराळा, ‘साहेब’मधला निराळा, ‘हवा’तला ‘ह’ एक, ‘हक्क’तला दुसरा. पुष्कळ मांडणींत यांतला एक साध्या कळीवर, तर दुसरा शिफ्टसह असतो. ही चूक क्षुल्लक नव्हे. ‘कल्ब’मधला ‘क’ घशातला असेल तर अर्थ हृदय. साधा असेल तर कुत्रा!

आपली नावे तर अधिकच अवघड. ‘पाटील’चा होतो ‘बाटील’; शिवाय अरबीत ‘ट’ नसल्यामुळे दोन ‘त’पैकी एक निवडणे आले. एका कागदावर एक आणि दुसऱ्यावर दुसरा पडला, तर कचेरीत एकाच माणसाची दोन माणसे होण्याचा संभव.

म्हणून उच्चारानुसारी मांडणी टाकाऊ आहे, असे आम्ही म्हणत नाही. ती पहिली पायरी आहे. मात्र प्रत्येक शब्द त्याच्या वर्णांनिशी पाठ करावा, आपले नाव एकदा जाणकाराकडून लिहवून घ्यावे आणि सर्वत्र तसेच लिहावे. नोकरीच्या जागी बहुधा प्रचलित कळफलकच पुढ्यात येईल. तेव्हा त्याचीही सवय करावी. कळ कोठे आहे हे बोटांना लवकर कळते. कोणता वर्ण हवा, हे मात्र अभ्यासानेच कळते.