निवृत्तांच्या यादींतील दर्यासारंग

आरमाराचा सेनापति म्हटला कीं, तोफांचा धडधडाट, बुडणारीं जहाजें आणि पळ काढणारा शत्रु असें चित्र डोळ्यांपुढें उभें राहतें. आज ज्या अ‍ॅडमिरलची मी आपणांस ओळख करून देणार आहें, त्यांच्या नांवावर अशी एकहि मोठी आरमारी झुंज जमा नाहीं. माणसें समुद्रापार नेणें आणि परत आणणें, हेंच त्यांचें काम. पण दुसऱ्या महायुद्धांत दोन वेळां सारी भिस्त त्या कामावर होती. त्यांचें नांव सर बर्ट्रॅम रॅम्से.

त्यांचा जन्म १८८३ सालचा. पंधराव्या वर्षीं ते आरमारांत शिरले. पहिल्या महायुद्धांत डोव्हरच्या गस्ती पथकांतील ‘ब्रोक’ ही विनाशिका त्यांच्या हाताखालीं होती. इंग्लिश खाडीच्या भरती-ओहोटीचा परिचय त्यांना तेथें झाला.

१९३५ सालीं मायदेशीं आरमाराचे सरसेनापति सर रॉजर बॅकहाउस यांचे प्रमुख साहाय्यक म्हणून त्यांची नेमणूक झाली. जागा मोठ्या मानाची. परंतु बॅकहाउस हे बारीकसारीक गोष्टहि स्वतःच पाहणारे. हाताखालच्या अधिकाऱ्यांवर काम सोपवून त्यांच्यावर विश्वास टाकला पाहिजे, हा रॅम्से यांचा आग्रह. दोघांचें जमेना. कांहीं महिन्यांतच रॅम्से यांनीं आपणांस मोकळें करावें अशी विनंति केली, आणि १९३८ सालीं त्यांचें नांव निवृत्तांच्या यादींत गेलें. चाळीस वर्षांची नोकरी येथें संपली, असेंच कोणीहि म्हटलें असतें.

पण १९३९ च्या ऑगस्टांत युद्धाचे ढग जमतांच त्यांना डोव्हरला बोलावण्यांत आलें. पुढल्या वर्षीं मे महिन्यांत जर्मन रणगाड्यांनीं ब्रिटिश व फ्रेंच सैन्य फ्रान्सच्या उत्तर किनाऱ्यावर कोंडलें. डोव्हरच्या किल्ल्याखालीं भुयारांत बसून रॅम्से यांनीं २६ मे रोजीं सुटकेची मोहीम सुरू केली. पंचेचाळीस हजार माणसें हातीं लागलीं तरी पुष्कळ, असा वरिष्ठांचा अंदाज होता. डंकर्कची गोदी बाँबफेकीनें निकामी झालेली. उथळ किनाऱ्यावरून होड्यांनीं माणसें उचलण्याचें काम फार मंद चाले. तेव्हां तेथें पाठविलेले कॅप्टन टेनंट यांची दृष्टि पूर्वेकडील लांब धक्क्याकडे गेली. तो लाटा अडविण्यासाठीं बांधलेला. जहाजें लावण्याची तेथें सोय नव्हती. टेनंट यांनीं धोका पत्करून एक जहाज लावून पाहिलें, आणि तें साधलें. रॅम्से यांनीं तो निर्णय उचलून धरून जहाजें तिकडे वळविलीं. ४ जूनपर्यंत ३,३८,२२६ सैनिक इंग्लंडांत पोंचले. लहान होड्यांची कीर्ति सर्वत्र झाली, आणि ती रास्तहि आहे. पण यांपैकीं सुमारें २,३९,००० माणसें बंदरांतून व त्या धक्क्यावरूनच जहाजांत चढलीं. हाताखालच्या माणसावर विश्वास टाकण्याचा जो आग्रह पूर्वीं नोकरीला भोंवला, तोच येथें फळास आला.

१९३९ च्या डिसेंबरांत मुंबई बंदरांतून निघालेल्या खेचर-तुकड्यांतील हिंदी शिपाईहि या सुटका झालेल्यांत होते. जनावरें मात्र त्यांना मागें सोडावीं लागलीं.

पुढें १९४३ च्या जुलैंत सिसिलीवर ब्रिटिश सैन्य उतरविण्याचें काम रॅम्से यांनींच केलें. नवल असें कीं, तोंवरहि त्यांचें नांव निवृत्तांच्याच यादींत होतें! तें चालू यादींत परत आलें १९४४ च्या एप्रिलांत. नॉर्मंडीच्या स्वारीला तेव्हां अवघे सहा आठवडे उरले होते. ६ जून रोजीं सुमारें सात हजार लहानमोठीं जहाजें त्यांच्या योजनेप्रमाणें निघालीं, आणि एका दिवसांत एक लाख तीस हजारांवर सैनिक समुद्रमार्गें किनाऱ्यावर उतरले.

येथें एक गोष्ट प्रांजळपणें सांगितली पाहिजे. या स्वारीसाठीं काढलेले त्यांचे हुकूम इतके जाडजूड झाले कीं, एवढा तपशील वरून कशाला, अशी कुरकुर अमेरिकन अधिकाऱ्यांनीं केली. बॅकहाउस यांच्यावरील जुना आक्षेप आतां त्यांच्यावरच उलटला! परंतु सुरुंग काढून मोकळ्या केलेल्या दहा अरुंद वाटांनीं हजारों जहाजें रात्रीं जावयाचीं, तर कोणी केव्हां कोठें असावें हें एका ठिकाणीं ठरविणें भाग होतें. कोठें बांधून द्यावें आणि कोठें मोकळें सोडावें, हा विवेक हेंच त्यांचें खरें कसब.

त्यांचें म्हणणें नेहमींच मानलें गेलें असें नव्हे. अँटवर्प बंदर घेतलें तरी शेल्ट नदीचें मुख शत्रूच्या हातीं राहिल्यास तें निरुपयोगी ठरेल, हा इशारा त्यांनीं १९४४ च्या सप्टेंबरच्या आरंभींच दिला होता. बंदर ४ तारखेस जवळजवळ शाबूत हातीं आलें. पण पहिला मालतांडा तेथें लागावयास २८ नोव्हेंबर उजाडला.

२ जानेवारी १९४५ रोजीं ब्रुसेल्स येथें बैठकीसाठीं निघालेलें त्यांचें विमान पॅरिसजवळ उड्डाण करतांच कोसळलें व त्यांचा अंत झाला. युद्धाचा विजय त्यांना पाहतां आला नाहीं. त्यांची समाधि फ्रान्सच्याच भूमींत आहे. डोव्हरच्या किल्ल्यावर त्यांचा पुतळा उभा राहावयास २००० साल यावें लागलें. डंकर्कहून घरीं परतलेल्या सैनिकांपैकीं किती जणांना त्यांचें नांव ठाऊक असेल, कोण जाणे. पण आपलें घर पुन्हां पाहण्याचें भाग्य त्यांना लाभलें, त्यांत निवृत्तांच्या यादींतील या दर्यासारंगाचा वांटा फार मोठा होता.