‘पंचभागी’ : एका शास्त्रीय शब्दाचा अर्थ आणि व्यवहार



ज्यांच्या स्मृत्यर्थ ही व्याख्यानमाला चालते त्या गुरुवर्यांनी आयुष्यभर विज्ञान मराठीतून शिकविले. म्हणून आजच्या विषयासाठी मी त्यांच्या शिकवण्यातलाच एक शब्द निवडला आहे. तो शब्द म्हणजे ‘पंचभागी’. इंग्रजी पुस्तकांतून त्याला ‘पेंटॅमरस’ म्हणतात. एका शब्दावर तासभर काय बोलणार, असे कोणाच्या मनात आले असेल, तर त्यात काही वावगे नाही. परंतु शास्त्रातला एखादा शब्द नीट उलगडू लागलो, की त्यातून भाषा, शेती आणि शाळा अशा तिन्ही गोष्टी निघतात, असा माझा अनुभव आहे.

आपल्या या भागाचे पीक तंबाखू. निपाणीची बाजारपेठ विडीच्या तंबाखूवर उभी राहिली. १९८१ साली तंबाखूच्या भावासाठी शरद जोशी यांच्या नेतृत्वाखाली शेतकरी महामार्गावर येऊन बसले, ती हकीकत इथल्या वडीलधाऱ्यांना सांगायला नको. पण एक प्रश्न विचारतो. तंबाखूचे फूल आपल्यापैकी किती जणांनी हातात धरून पाहिले आहे? पीक रानात असते, पण फूल दृष्टीस पडत नाही, कारण कळी धरू लागली की आपण शेंडा खुडतो. झाडाची शक्ती फुलाकडे आणि बियांकडे जाऊ नये, पानात उतरावी, पान जाड व कसदार व्हावे, म्हणून ही खुडणी. शेंडा गेला की पानांच्या बगलेतून फुटवे येतात, तेही काढावे लागतात. फूल राहते ते फक्त बियाण्यासाठी राखलेल्या निवडक झाडांवर. बी इतके बारीक, की एका ग्रॅममध्ये सुमारे दहा-बारा हजार दाणे भरतात. त्यामुळे दहा-पाच झाडे राखली तरी बियाण्याची चिंता मिटते. सारांश, ज्या फुलाच्या जातीवर गावाचे पोट चालले, ते फूल गावाने उमलू दिले नाही.

राखलेल्या झाडावरचे फूल आणून पाहावे. खाली हिरवा पेला, त्याला पाच दाते. त्यातून निघालेली लांब नळी, तिच्या तोंडाशी गुलाबी रंगाचे पाच टोकदार खंड. नळीच्या आत पाच केसरदले. हे असे फूल म्हणजे पंचभागी फूल. लिनीअस या स्वीडिश शास्त्रज्ञाने वनस्पतींची वर्गवारी केसरदलांच्या संख्येवरून केली होती, आणि १७५३ च्या त्याच्या ग्रंथात तंबाखू पाच केसरांच्या वर्गात, म्हणजे ‘पेंटँड्रिया’त आहे. तंबाखूच्या प्रजातीचे शास्त्रीय नाव ‘निकोटियाना’ हे लिस्बनला असलेल्या झां निको या फ्रेंच वकिलावरून आले. तेच नाव पुढे निकोटीनला चिकटले.

आता शब्दाकडे वळू. ग्रीकमध्ये ‘पेंटे’ म्हणजे पाच आणि ‘मेरोस’ म्हणजे भाग. हा ‘पेंटे’ आणि आपला ‘पंच’ एकाच मूळ घराण्यातले सख्खे भाऊ आहेत. फारसीतला ‘पंज’ हा तिसरा. तो आपल्याकडे ‘पंजा’ या रूपात येऊन केव्हाच घरचा झाला. ‘मेरोस’ मात्र आपल्याला ‘पॉलिमर’ या शब्दातून भेटतो. म्हणजे ‘पंचभागी’ हा शब्द ग्रीकचे अगदी अक्षरशः भाषांतर आहे. तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी यांच्या प्रमुख संपादकत्वाखाली निघालेल्या मराठी विश्वकोशाने वनस्पतींच्या वर्णनांत तो रूढ केला. १९७६ साली त्याचा पहिला खंड निघाला, आणि ‘फुले द्विलिंगी, नियमित, पंचभागी’ अशा ठाशीव वर्णनांची मराठी वाचकाला सवय झाली.

याहून निराळे शब्द सुचले नसते असे नाही. ‘पंचावयवी’ म्हणता आले असते. पण न्यायशास्त्राने ‘पंचावयव वाक्य’ आधीच घेऊन ठेवले आहे. प्रतिज्ञा, हेतू, उदाहरण, उपनय आणि निगमन हे अनुमानाचे पाच अवयव. ‘पंचांगी’ म्हणावे, तर लोकांना तिथी, वार, नक्षत्र, योग, करण आठवतील. आणि वैद्यांना झाडाचे मूळ, साल, पान, फूल व फळ आठवेल, कारण त्यांच्या भाषेत औषधी झाडाचे ‘पंचांग’ ते हेच. दोन्ही शब्द सुंदर, पण दोन्ही दुसऱ्याच्या घरी नांदत असलेले. हिंदीवाल्यांनी ‘पंचतयी’ हा शब्द घेतला. त्यांच्या पाठ्यपुस्तकांत त्रितयी, चतुष्टयी, पंचतयी अशी परंपरा लागलेली दिसते. व्याकरणाला तो शोभतो, जिभेला जरा जड जातो. ‘पंचभागी’ त्या मानाने साधा, आणि आमच्या आज्ज्यांच्या ‘पंचपाळ्या’च्या जवळचा. हळद-कुंकवाचे ते पाच वाट्यांचे भांडे ज्या मुलाने पाहिले आहे, त्याला पाच भागांची रचना म्हणजे काय, हे वेगळे सांगावे लागत नाही.

साधेपणाची एक अडचणही आहे. ‘भाग’ म्हटले की काहीतरी कापून पाच तुकडे केले आहेत, असा समज होतो. शास्त्रात अर्थ तसा नाही. फुलाचे अवयव एकात एक अशा वर्तुळांत बसलेले असतात. बाहेर संदलांचे, मग पाकळ्यांचे, मग केसरदलांचे, आणि मध्यभागी किंजदलांचे वर्तुळ. या प्रत्येक वर्तुळातल्या अवयवांची संख्या पाच किंवा पाचाच्या पटीत असली, की फूल पंचभागी. निरगुडीच्या पानाला बहुधा पाच पर्णिका असतात. ते पान पंचपर्णी म्हणावे, पंचभागी नव्हे. बेलाचे पान त्रिदल, पण त्याच्या फुलाला पाकळ्या चार-पाच. पानावरून फुलाची संख्या काढता येत नाही, हे बेलाइतके दुसरे कोणी चांगले शिकवीत नाही.

‘पटीत’ हा शब्द महत्त्वाचा आहे. गुलमोहोराला संदले पाच, पाकळ्या पाच, केसरदले दहा. तरीही तो पंचभागी. मग मध्यभागीचे काय? गुलमोहोराला किंजदल एकच. तंबाखूला दोन. तंबाखूचे बोंड आडवे कापले तर आत दोनच कप्पे दिसतील. वांगी, मिरची, बटाटा, धोतरा ही सगळी तंबाखूची भावकी, आणि तिच्यात पाकळ्या पाच व किंजदले दोन हाच सर्वसाधारण घराचा रिवाज. म्हणजे व्याख्या काटेकोरपणे लावली, तर तंबाखू पंचभागी ठरतच नाही. तरी जगभरचे वनस्पतिशास्त्रज्ञ त्याला पंचभागी म्हणतात, कारण व्यवहारात हा शब्द बाहेरच्या वर्तुळांपुरता वापरला जातो, आणि किंजमंडलाचा हिशेब वेगळा दिला जातो. एखाद्या चौकस विद्यार्थ्याने ही विसंगती वर्गात दाखवली, तर त्याला गप्प बसवू नये. शास्त्रातला शब्द व्याख्येने जन्मतो खरा, पण जगतो तो वापराने. शिवाय तंबाखूच्या पाच केसरदलांपैकी चार जवळजवळ सारखी आणि एक आखूड असते. मिरचीच्या फुलाला कधी सहा पाकळ्याही सापडतात. निसर्गाने आपली पुस्तके वाचलेली नाहीत.

सर्व वर्तुळांत पाच पाहायचे असतील, तर फार लांब जायला नको. अंगणात, कुंडीच्या कडेला, ओलसर जागी उगवणारी आंबुशी घ्या. लहानपणी तिची आंबट पाने आपण सर्वांनीच चघळली आहेत. तिला संदले पाच, पाकळ्या पाच, केसरदले दहा आणि किंजदलेही पाच. शिवाय प्रत्येक पानाला तीन पर्णिका, म्हणजे वरची पंचपर्णी-पंचभागीची शंका तिच्याजवळही फिटते. जास्वंदीची पाकळ्या पाच, आणि तिच्या लांब दांड्याच्या टोकाला ज्या पाच लाल गोट्या दिसतात, त्याही पाचच. भेंडी तिचीच नातेवाईक. भेंडी आडवी चिरून रंगात बुडवून कागदावर ठसे उमटवण्याचा खेळ प्राथमिक शाळेत चित्रकलेच्या तासाला चालतो. त्या ठशात बहुधा पाच कप्प्यांची चांदणी उमटते. ज्या मुलांनी तो ठसा उमटवला, त्यांनी या शब्दाचा पहिला धडा घेतला होता. फक्त त्या वेळी कोणी शब्द सांगितला नाही.

गुलाबाची गोष्ट जरा फसवी आहे. बागेतल्या गुलाबाला पाकळ्या मोजू गेल्यास पन्नासही भरतील, मग तो पंचभागी कसा? माळ्यांनी पिढ्यानपिढ्या निवड करून त्याची केसरदले पाकळ्यांत बदलत नेली. रानगुलाबाला पाकळ्या पाचच. बागेतला गुलाबही उलटा करून खालची हिरवी संदले मोजली, तर पाच सापडतात. मूळ हिशेब तिथे राहून गेला आहे.

पाचाच्या शेजारी तीन आणि चार यांची घराणी आहेत. कांदा, लसूण, निशिगंध ही तिनाची. आज तंबाखूच्या जोडीने आपल्या रानात पसरलेला ऊस तृणकुळातला, तोही तिनाच्याच घरचा. मोहरी आणि मुळा यांची फुले चार पाकळ्यांची, क्रुसासारखी. एकदल वनस्पतींत तीन आणि द्विदलांत चार-पाच, असे शाळेत शिकवतात, आणि ते बहुतांशी खरे आहे. पण सीताफळ द्विदल असून त्याचे फूल तिनाच्या हिशेबाचे. परीक्षेत हा अपवाद क्वचितच विचारतात, म्हणून तो इथे सांगून टाकतो.

हाच शब्द प्राणिशास्त्रात गेला की वेष बदलतो. रत्नागिरी-मालवणच्या किनाऱ्यावर सापडणारा तारामासा पाच बाहूंचा. त्याच्या रचनेला पंच-अरीय सममिती म्हणतात, कारण तिथे वर्तुळे नसून केंद्रातून निघालेल्या आऱ्या आहेत. गंमत अशी, की अंड्यातून निघालेली त्याची अळी आपल्यासारखीच डावी-उजवी असते. पाचाची रचना तो पुढे धारण करतो. कीटकशास्त्रात मात्र ‘पेंटॅमरस’ म्हणजे पावलाचे पाच सांधे असलेला. जुने कीटकशास्त्रज्ञ भुंगेऱ्यांची वर्गवारी पावलाच्या सांध्यांवरून करीत. पाचांचे, चारांचे, तिनांचे असे गट त्यांनी पाडले. पुढे बारकाईने पाहता कळले, की चारांच्या गटात घातलेल्या कितीतरी भुंगेऱ्यांच्या पायात पाचवा सांधा होताच, इतका लहान आणि शेजारच्या सांध्यात इतका दडलेला, की दिसला नव्हता. ‘पंचभागी’ हे भाषांतर इथे चालणार नाही. इथे ‘पंचसांधी’सारखे काही म्हणावे लागेल.

जीवरसायनात ‘पेंटॅमर’ हे नाम आहे. सारख्या पाच घटकांचा जोडून झालेला एक रेणू, असा त्याचा अर्थ. डेंग्यूच्या तपासणीच्या कागदावर ‘आयजीएम’ ही अक्षरे आपण वाचतो. तो प्रतिपिंड रक्तात मुख्यतः असाच पाचांच्या जुडीने असतो. मोनोमरला ‘एकवारिक’ व पॉलिमरला ‘बहुवारिक’ असे मराठी प्रतिशब्द आहेत, त्या धर्तीवर याला ‘पंचवारिक’ म्हणता येईल. एका इंग्रजी मुळासाठी मराठीत तीन शब्द झाले, याचे मला वाईट वाटत नाही. फूल, पाय आणि रेणू या तीन वेगळ्या वस्तू आहेत.

आता ज्या कारणासाठी हा विषय घेतला, तिकडे येतो. १ नोव्हेंबर १९५६ रोजी हा मुलूख मुंबई राज्यातून म्हैसूर राज्यात गेला. दूधगंगेपलीकडे कागल, अलीकडे आपण. इथल्या मराठी शाळांना क्रमिक पुस्तके कर्नाटक शासनाची, संदर्भासाठी विश्वकोश महाराष्ट्राचा, आणि दहावीनंतर विज्ञानाला जावे, मग निपाणी असो, बेळगावी असो की कोल्हापूर, तर सारे इंग्रजीतून. कन्नड शाळेतला शेजारचा मुलगा तीच पाकळी ‘ऐदु’ म्हणून मोजतो आणि पुढे त्यालाही तेच इंग्रजी पुस्तक उघडावे लागते. माझ्या पाहण्यात असे विद्यार्थी आहेत, की महाविद्यालयातल्या पहिल्या प्रात्यक्षिकाला ‘पेंटॅमरस’ हा शब्द ऐकून ते गोंधळले, आपल्याला वनस्पतिशास्त्र येत नाही असे समजले, आणि त्यांतल्या एका हुशार मुलीने तर शाखाच बदलली. तिला जास्वंद, आंबुशी, तंबाखू ही तिन्ही माहीत होती. व्याख्याही पाठ होती. अनोळखी होते ते फक्त नाव. शाळेत एका ओळीत दोन्ही नावे फळ्यावर लिहिली असती, तर ती गेली नसती, असे मला आजही वाटते.

म्हणून मराठी प्रतिशब्द टाकून द्यावेत, असे म्हणणाऱ्यांशी माझे जमत नाही. आणि इंग्रजी शब्द वर्गात उच्चारूही नये, असे म्हणणाऱ्यांशीही नाही. ‘पंचभागी’ने वस्तू समजते, ‘पेंटॅमरस’ने पुढचे पुस्तक उघडते. आठवीपासून दोन्ही जोडीने द्यावेत, एवढीच माझी शिक्षकांना विनंती आहे. त्याला खर्च काही नाही. दरवर्षी कोणा पालकाच्या रानातून बियाण्याला राखलेल्या झाडावरचे तंबाखूचे एक फूल मागून आणावे, ते वर्गात उभे चिरावे आणि मुलांकडून मोजून घ्यावे : संदले पाच, पाकळ्या पाच, केसरदले पाच, त्यांतले एक आखूड, किंजदले दोन.