कादंबरीकार सिरियल लिहायला बसतो तेव्हा

जुन्नर-आंबेगावकडच्या लिहित्या पोरापोरींचा प्रश्न आहे: कादंबरी लिहायचीय, पण सिरियलचं काम चालून आलंय. घेतलं तर लेखक म्हणून संपलो का?

मला लगेच मनोहर श्याम जोशी आठवले. हिंदीतले कादंबरीकार. ‘कुरु कुरु स्वाहा’, ‘कसप’ लिहून झालेलं, आणि वाट्याला आली ‘हम लोग’. तिची सुरुवात एका मराठी माणसापासून होते बरं का! वर्ध्याचे खासदार वसंत साठे तेव्हा माहिती-प्रसारण मंत्री होते. मेक्सिकोत मालिकांमधून कुटुंबनियोजन, साक्षरता लोकांच्या गळी उतरवतात, ही कल्पना त्यांनी तिकडून आणली. ७ जुलै १९८४ ला दूरदर्शनवर पहिला भाग लागला.

आणि गाडी अडली. उपदेशच फार! दिवसभर राबून आलेला माणूस टीव्हीसमोर भाषण कशाला ऐकेल? मग जोशींनी उपदेश आवरला. दारुडा बाप बसेसर राम, बडकीच्या लग्नाचा घोर, मझलीचं सिनेमाचं वेड, हे पुढे आणलं. शहाणपणाचं बोलायला भागाच्या शेवटी अशोककुमार होतेच. पत्रांचा नुसता पाऊस. बडकीनं काय करावं, हे प्रेक्षक कळवायला लागले. मालिका दीडशेहून अधिक भाग चालली.

आपल्याकडे यात नवल नाही. नारायणगावच्या राहुट्यांमध्ये सुपारी ठरवून जे फड गावोगावच्या जत्रांना जातात, त्यांना हे पाठ असतं. वगात पब्लिक चुळबुळायला लागलं की सोंगाड्या तिथल्या तिथे संवाद फिरवतो. कादंबरीकाराचं तसं नाही. वाचकानं पन्नासाव्या पानावर पुस्तक मिटलं, तरी त्याला पत्ता लागत नाही. शिवाय कादंबरीत ‘तिला वाईट वाटलं’ लिहून भागतं. पडद्यासाठी लिहिताना तिनं ताट सरकवलं की दार आपटलं, ते सांगावं लागतं.

जोशींना एक फायदा होता. ते आधी ‘साप्ताहिक हिंदुस्तान’चे संपादक होते, म्हणजे ठरल्या वेळी मजकूर हातावेगळा करायची सवय अंगात मुरलेली. ‘मूड लागला की लिहितो’ म्हणणाऱ्याचं इथं कठीण आहे, हे स्पष्टच सांगतो.

पुढे त्यांनी फाळणीवरची ‘बुनियाद’ लिहिली. कादंबरी सुटली का? नाही. २००५ चा साहित्य अकादमी पुरस्कार त्यांना मिळाला तो ‘क्याप’साठी, आणि ही कादंबरी टीव्हीनंतरची आहे.