‘असे कर’ न सांगणाऱ्या बाई
(मंडळाच्या वर्धापनदिनी केलेले भाषण)



मी काही वक्ता नव्हे. मंडळाच्या मुलांची नाटुकली बसवणारी, एवढीच माझी ओळख. तेव्हा आज माझी एक चूक, आणि ती ज्यांच्यामुळे उमगली त्या बाईंची हकीकत सांगते.

काही वर्षांपूर्वी गणेशोत्सवाच्या नाटुकल्यात आठ वर्षांची एक मुलगी होती. तालमीत मी तिला प्रत्येक वाक्य म्हणून दाखवी, हात कुठे उचलायचा तेही सांगे. चुकली की रागवे. प्रयोगाच्या दिवशी पोरगी रंगमंचावर आली आणि विंगेत माझ्याच तोंडाकडे बघत राहिली. शब्द फुटेना. सगळ्या म्हणाल्या, मुलगी बुजरी आहे. मीही तसेच म्हटले.

पुढे व्हायोला स्पोलिन या अमेरिकन बाईंचे पुस्तक हाती आले आणि तिला बुजरे कुणी केले ते कळले.

स्पोलिनबाईंचा जन्म १९०६ साली शिकागोत झाला. तिथे जेन ॲडम्स आणि एलन गेट्स स्टार यांनी १८८९ साली ‘हल हाउस’ हे सेवाकेंद्र काढले होते. परदेशांतून आलेल्या गरीब कुटुंबांना त्याचा मोठा आधार. त्याच केंद्रात नेव्हा बॉइड या बाई खेळांतून मुलांना एकत्र कसे आणावे ते शिकवीत. विशीच्या आतबाहेर स्पोलिनबाई त्यांच्या हाताखाली तयार झाल्या. पुढे १९३९ च्या सुमारास सरकारी रोजगार योजनेत नाट्यवर्गांची देखरेख त्यांच्याकडे आली. वर्गात नाना देशांची मुले नि मोठी माणसे. तिथे व्याख्यान काय कामाचे? बाईंनी खेळच रचले.

खेळ अगदी साधे. एकाने हालचाल करायची, समोरच्याने त्याचा आरसा व्हायचे. किंवा दोर नसताना रस्सीखेच खेळायची. दोर ताणलेला बघणाऱ्यांना दिसला पाहिजे! खेळणाऱ्याचे सारे लक्ष दोरावर गेले की ‘मी कशी दिसते’ ही धास्ती गळून पडते. बाई खेळ न थांबवता बाहेरून आठवण तेवढी करून देत. करून दाखवीत नसत. शाबासकी आणि रागावणे, दोन्हींची सवय वाईट, कारण मग शिकणारा शिक्षकाच्या चेहऱ्याकडेच बघत राहतो, असे त्यांचे म्हणणे.

१९४६ साली हॉलिवूडमध्ये त्यांनी मुलांची नाट्यसंस्था काढली. १९५९ साली शिकागोत ‘सेकंड सिटी’ ही उत्स्फूर्त विनोदी नाट्याची संस्था निघाली. तिच्या संस्थापकांत त्यांचे चिरंजीव पॉल सिल्स होते, आणि तिथले नट आईच्याच खेळांवर तयार झाले. १९६३ साली दोनशेंहून अधिक खेळांचे त्यांचे पुस्तक आले. १९९४ साली त्या निवर्तल्या. खेळ मात्र देशोदेशीच्या नाट्यवर्गांत चालू आहेत.

आता आमची तालीम रस्सीखेचीने सुरू होते. मी ‘छान’ म्हणत नाही; मुलांनाच विचारते, दोर दिसला का? उत्तर खरे येते. पण माझ्या त्या मुलीने पुन्हा रंगमंचावर पाऊल ठेवले नाही. ही खंत मला आहे.

म्हणून एकच विनंती. घरात लेक किंवा सून पहिली पोळी लाटत असेल, तेव्हा लाटणे तिच्या हातून काढून घेऊ नका. पोळी वाकडी होऊ द्या. तिचे लक्ष पोळीवर असू द्या, आपल्या चेहऱ्यावर नको.