रक्तवाहिन्यांचे दप्तर : स्वागताध्यक्षीय भाषण

सन्माननीय अध्यक्षमहाराज, व्यासपीठावरील मान्यवर, जिल्ह्याच्या तेराही तालुक्यांतून आलेले वैद्यक आणि परिचारिका, आणि ज्यांच्यासाठी ही परिषद मुख्यत्वे भरली आहे असे रुग्णालयांच्या अभिलेख विभागांतील माझे बंधुभगिनीहो,

अजिंठ्याच्या डोंगररांगेने ज्याचे घाटावरचा आणि घाटाखालचा असे दोन भाग पाडले आहेत, ज्याच्या दक्षिणेस जिजाऊंचे सिंदखेडराजा आणि उत्तरेस गजानन महाराजांचे शेगाव आहे, अशा या बुलढाणा जिल्ह्यात स्वागत समितीच्या वतीने मी आपले मनःपूर्वक स्वागत करतो. स्वागताध्यक्षाने आपल्या भूमीचे पोवाडे गावेत असा शिरस्ता आहे. तो मी थोडक्यात उरकतो, आणि तोही आपल्या विषयाशी संबंध आहे तेवढाच. नोंदी ठेवण्याची सवय या मुलखाला जुनी आहे. अबुल फजलच्या ऐन-इ-अकबरीत मेहकर हे वऱ्हाड सुभ्यातील एक सरकार म्हणून आले आहे. १८५३ साली वऱ्हाडचा कारभार निजामाकडून इंग्रजांकडे गेला, तरी पाटील-पटवाऱ्यांचे दप्तर चालूच राहिले. ज्या मुलखात बांधावरच्या आंब्याची मालकीसुद्धा कागदावर बिनचूक उतरते, त्याच मुलखात माणसाच्या पोटातील कोणती रक्तवाहिनी फाटली ही बाब केसपेपरवर ‘पोटास मार’ एवढ्या दोन शब्दांत आटोपावी, याचे मला वैषम्य वाटते.

मृत्यूच्या कारणांची आंतरराष्ट्रीय यादी झाक बेर्तियाँ या फ्रेंच संख्याशास्त्रज्ञाने १८९३ साली शिकागो येथे मांडली. तिची दहावी सुधारित आवृत्ती जागतिक आरोग्य सभेने १९९० साली मान्य केली, आणि अकरावी २०२२ च्या आरंभापासून अमलात आली असली तरी आपले रोजचे काम अद्याप बव्हंशी दहाव्या आवृत्तीवरच चालते. तिच्यात उदर, कंबर आणि ओटीपोट यांतील रक्तवाहिन्यांच्या इजांना एस ३५ हे घर नेमून दिलेले आहे. त्यापुढे लावायचा शून्य हा अंक महारोहिणीचा, म्हणजे आपले शल्यविशारद जिला एऑर्टा म्हणतात तिचा, एक अधोमहानीलेचा, दोन आतड्यांकडे, यकृताकडे व प्लीहेकडे जाणाऱ्या रोहिण्यांचा, तीन यकृताकडे रक्त नेणाऱ्या प्रवेशिका नीलेचा, चार मूत्रपिंडाच्या वाहिन्यांचा, पाच ओटीपोटातील इलियाक वाहिन्यांचा. सहा हा अंक रिकामा ठेवलेला आहे, का ते जिनीव्हाकरांनाच ठाऊक. सात अनेक वाहिन्यांच्या इजेचा, आठ इतर वाहिन्यांचा, आणि नऊ ‘अनिर्दिष्ट’ वाहिनीचा. आमच्या तक्रारीचे मूळ या नऊमध्ये आहे.

हे तपशील शुष्क वाटतील, परंतु एक स्थळ जवळून पाहावे. मूत्रपिंडाची रोहिणी फाटो वा नीला, अंक चारच. पण प्लीहेची रोहिणी फाटली तर दोन आणि नीला फाटली तर तीन. शल्यविशारदाने रात्री दोन वाजता, रक्ताने भरलेले पोट उघडून, चिमटा लावून, प्राण वाचवून, मग थकल्या हाताने ‘प्लीहेची वाहिनी बांधली’ एवढेच लिहिले, तर सकाळी अभिलेख विभागात बसलेल्या मुलीने दोन लिहावा की तीन? तिला विचारण्याची मुभा नसेल, तर ती नऊ लिहून मोकळी होणार, आणि तिला दोष देण्याचा अधिकार आपल्यापैकी कोणासही राहणार नाही.

आपल्याकडे या इजा कशाने होतात हे सांगायला नको. ट्रॅक्टर बांधावरून उलटतो, बैलाचे शिंग ओटीपोटात घुसते, समृद्धी महामार्गावर वा मलकापूर-नांदुरा-खामगाव रस्त्यावर वाहनाची धडक बसून कटीची हाडे मोडतात आणि त्यांच्यामागे लपलेल्या नीलांतून रक्त वाहत राहते, बाहेर मात्र थेंबही दिसत नाही. असा रुग्ण घाटाखालून अकोल्यास आणि घाटावरून पुष्कळदा छत्रपती संभाजीनगरच्या घाटी रुग्णालयात जातो, आणि त्याच्यासोबत जाणारी चिठ्ठी जितकी तुटपुंजी, तितका पुढच्या डॉक्टरचा वेळ वाया जातो. हाडाची नोंद एस ३२ मध्ये झाली म्हणून वाहिनीच्या नोंदीची गरज संपत नाही. दोन्ही अंक हवेत. शिवाय इजा कशाने झाली याचा संकेतांक निराळा: शेतीच्या वाहनाला व्ही ८४, बैलासारख्या जनावराच्या धडकेला डब्ल्यू ५५. मृत्यूच्या गणनेत मूळ कारण म्हणून हाच निराळा संकेतांक धरला जातो. तो गाळला की किती शेतकरी ट्रॅक्टरखाली गेले हे सरकारला कधीच कळत नाही. मृत्यूच्या कारणाच्या दाखल्यावर ‘हृदय व श्वसन बंद पडले’ असे लिहिणाऱ्यांना एवढेच विचारावेसे वाटते की, ते न बंद पडता आजवर कोण मेला आहे? ज्या विधवेस शेतकरी अपघात योजनेचे दोन लाख रुपये मिळायचे, तिच्या अर्जाला असला दाखला जोडला गेला की कचेरीचे हेलपाटे तिच्या नशिबी येतात.

आणखी एक विसंगती मनास बोचते. आपल्याच जिल्ह्यातील पदवीधर मुले-मुली पुण्या-हैदराबादेत बसून अमेरिकेतील रुग्णालयांचे कागद संकेतबद्ध करतात. तिकडच्या आवृत्तीत महारोहिणीची चीर अपुरी की पूर्ण, भेट पहिली की नंतरची, यांसाठीही स्वतंत्र अंक आहेत, आणि ते चुकले तर देयक परत येते. कोण्या दूरच्या परगण्यातील शेतकऱ्याच्या रोहिणीची इतकी बारीक नोंद चिखलीची मुलगी करते, आणि चिखलीच्या शेतकऱ्याची नोंद मात्र कोणी करीत नाही. कौशल्य आपल्या घरात आहे. त्याला इथे पद, पगार आणि शल्यविशारदास प्रश्न विचारण्याचा अधिकार नाही, एवढेच काय ते उणे. २०२४ पासून बुलढाण्यात शासकीय वैद्यकीय महाविद्यालय सुरू झाले आहे. तेथील विद्यार्थ्यांस शस्त्रक्रियेची टिपणी लिहिण्याचा धडा पहिल्यापासून मिळावा, अशी माझी आग्रहाची सूचना आहे.

निवास-भोजनाच्या व्यवस्थेत काही न्यून राहिले असल्यास ते आमच्या पदरी घालून पिठले-भाकरी गोड मानून घ्यावी. वैद्यकबंधूंस एकच विनंती: आपापल्या रुग्णालयात परतल्यावर अभिलेख विभागातून ‘कोणती वाहिनी?’ अशी चिठ्ठी आली, तर ती त्याच दिवशी उत्तरासह परत पाठवावी. आता अध्यक्षमहाराजांनी आसनस्थ होऊन परिषदेच्या कामकाजास प्रारंभ करावा, अशी स्वागत समितीच्या वतीने मी त्यांस नम्र प्रार्थना करतो.